डायलॉग आला की हात थांबतो: ग्रामीण सिनेमा आणि गावातली माणसं

माळरान
गावातलीच, कधी कॅमेरा न बघितलेली माणसं सिनेमात घेतली की सगळीकडे एकच प्रतिक्रिया येते, काय नॅचरल, काय अस्सल. मला या अस्सलपणाचं जरा पोस्टमॉर्टेम करायचंय, कारण बहुतेक चर्चा बोलीभाषेवर येऊन थांबतात. अमक्याने करमाळ्याकडची भाषा काय बोललीय, तमक्याचा हेल काय जमलाय वगैरे. माझ्या मते भाषा हा त्यातला सगळ्यात सोपा भाग आहे. चांगल्या कानाचा नट भाषा उचलतो. हातांचं काय?

खुरपणी चाललेल्या रानात बाया बघा. पात धरलेली असते, उकिडवं बसून बसल्याबसल्याच पुढं सरकायचं, उजव्या हातात खुरपं, डाव्या हातानं गवत उपटून मागं टाकायचं, मधे पिकाचं रोप आलं की खुरपं आपोआप वळसा घेतं, बघावंही लागत नाही. आणि हे सगळं चालू असताना तोंडाचा पट्टाही चालूच, कुणाची सून नांदायला येईना, कुणाचं जमलं, यंदा रोज किती वाढवून मागायचा. हाताला तोंडाची गरज नाही आणि तोंडाला हाताची नाही. आता सिनेमातली खुरपणी आठवा. बाई खुरपतेय, मग तिचा डायलॉग येतो, आणि हात थांबतो. मान वर, वाक्य, प्रतिक्रिया, मग परत खुरपं चालू. झालं, तिथंच मला कळतं की ही बाई या रानातली नाही, मग तिनं नऊवारी कितीही मळकी नेसलेली असू दे.

'टिंग्या'मधला शरद गोयेकर (५५व्या राष्ट्रीय पुरस्कारांत बालकलाकाराचा पुरस्कार) बैलाजवळ जातो तेव्हा तो बैलाला घाबरत नाही, हे तर झालंच, पण तो बैलाकडे बघतही नाही. न बघता हात बरोबर गळ्याखाली जातो. 'फँड्री'तला सोमनाथ अवघडे चालतो तेव्हा त्याची चाल ही रोज त्याच वाटेनं जाणाऱ्या पोराची चाल आहे. हे कुठल्या वर्कशॉपमध्ये शिकवणार?

तर प्रश्न असा की हे नवख्या माणसांमुळे येतं, का दिग्दर्शकामुळे, का आपणच तसं बघायचं ठरवून बसलेलो असतो. होऊ द्या चर्चा. मारामारी चालेल, फक्त मुद्द्यावर.

बोरूबहाद्दर
मस्त धागा. हातांचा मुद्दा एकदम पटला.

थोडा इतिहास टाकतो. हे खूळ काही आपलं नाही, दुसऱ्या महायुद्धानंतर इटलीत हे जोरात झालं. १९४८ साली दोन सिनेमे आले, एक डी सिकाचा 'बायसिकल थीव्ज', ज्यात बापाचं काम करणारा लाम्बेर्तो माज्जोरानी हा खराखुरा कारखान्यातला कामगार होता. दुसरा व्हिस्कोंतीचा, सिसिलीतल्या आची त्रेझ्झा गावातल्या कोळ्यांना घेऊन केलेला, आणि ते त्यांच्याच बोलीत बोलतात. ती बोली बाकी इटलीला कळेना म्हणून वरून इटालियन निवेदन घालावं लागलं. म्हणजे अस्सलपणाची किंमत ही की आपल्याच देशातल्या माणसाला कळत नाही. आपल्याकडे कुणी अहिराणीत किंवा कोरकूत पूर्ण सिनेमा करून राज्यभर लावायची हिंमत करेल का? खाली अक्षरं टाकली की आपल्याकडच्या प्रेक्षकाला वाटतं शाळेत आलो.

आपल्या शेजारचं उदाहरण म्हणजे कन्नड 'तिथि' (२०१५). मंड्या जिल्ह्यातलं नोडेकोप्पलु गाव, सगळी माणसं तिथलीच आणि आसपासची. पण लक्षात घ्या की लेखक ईरेगौडा स्वतः त्या गावचा. म्हणजे दिग्दर्शक राम रेड्डी बाहेरचा असला तरी आत जायचा दरवाजा आतल्याच माणसाने उघडला होता. त्यातला गड्डप्पा रस्त्याने नुसता चालत असतो, हातात दारूची क्वार्टर, आणि अर्धा सिनेमा तो चालण्यावर पेलतो. लोकार्नोला पुरस्कार मिळाला, राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला.

रच्याकने (बाय द वे), 'पथेर पांचाली'तली म्हातारी इंदिर ठाकरून ही नवखी नव्हती, चुनीबाला देवी जुन्या रंगभूमीवरची निवृत्त नटी. अपू मात्र नवखा. म्हणजे भेसळ सुरुवातीपासून आहे.

नाटक्या
आता मी जरा उलटं बोलतो, कारण मी नट आहे (छोटा, पोटापुरता) आणि असे धागे वाचले की पोटात ढवळतं.

'फँड्री' म्हटलं की सगळे सोमनाथबद्दल बोलतात, बरोबरच आहे, त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि तो योग्यच होता. पण त्याचा बाप कोण? किशोर कदम. पंडित सत्यदेव दुबेंच्या तालमीत तयार झालेला, आयुष्यभर नाटक-सिनेमा केलेला, शिवाय कवी. तो वाकून चालतो, डुकराच्या मागे पळतो, गावकऱ्यांसमोर त्याचे खांदे पडतात, ते बघताना कुणाला वाटलं का हा मुंबईचा? 'ख्वाडा'मध्ये शशांक शेंडे, तो बाप मेंढरांमध्ये उभा राहतो तेव्हा मेंढरंसुद्धा फसली असतील. हे दोघं काय गावातून उचलून आणलेले? नाही ना, ही कमावलेली गोष्ट आहे.

मग अस्सल माणसाचं कौतुक करताना नटाची मेहनत मातीत का घालायची? आणि दुसरं, ज्याला तुम्ही नॅचरल म्हणता तो कित्येकदा नुसता स्वतः असतो. त्याला जरा वेगळी भूमिका द्या, जरा वेगळा स्वभाव, मग बघू. हेमावैम (हे माझं वैयक्तिक मत), पण ठाम.

पडद्यामागचा
मी सहाय्यक दिग्दर्शक म्हणून ग्रामीण सिनेमांवर काम केलंय, कुठल्या ते सांगत नाही, नाहीतर उद्यापासून काम बंद.

माळरान, तुमचा हाताचा मुद्दा सोळा आणे खरा आहे पण त्यातली अर्धी गोष्ट तुम्ही सांगितली नाहीत. गावातल्या खऱ्या बाईला कॅमेऱ्यासमोर बसवा, खुरपं द्या, आणि सांगा की मावशी, हे वाक्य म्हणायचं. तिचाही हात थांबतो! नटापेक्षा जास्त थांबतो. शिवाय ती कॅमेऱ्याकडे बघते, वाक्य शाळेतल्या कवितेसारखं म्हणते आणि शेवटी पदर सावरते, प्रत्येक वेळी पदर सावरते. नवखेपणा म्हणजे नॅचरल हा गैरसमज शूटिंगच्या पहिल्या तासात उतरतो.

मग करायचं काय तर वाक्य द्यायचंच नाही. काम द्यायचं. खरं काम, म्हणजे खरंच गवत असलेली पात, आणि ती पूर्ण करायची, खोटी नाही. मग कॅमेरा असा कुठेतरी लांब, लांब लेन्सवर, बायांना पंधरा मिनिटांनी त्याचा विसर पडतो. मग शेजारच्या बाईला, जी जरा बोलकी आहे, तिला आधी सांगून ठेवायचं की तू हिला तिच्या लेकीबद्दल विचार. विचारलं की हिचं उत्तर येतं, तिच्या स्वतःच्या शब्दात, हात चालू असताना. ते आपल्या स्क्रिप्टमधलं वाक्य नसतं. पण स्क्रिप्टमधला आशय असतो, आणि बऱ्याचदा स्क्रिप्टपेक्षा भारी असतो. लेखक मग हळहळतो, मॉनिटरच्या मागे.

याची किंमत एडिटरला मोजावी लागते. नट काय करतो, टेक दोन मध्ये पण तांब्या उजव्याच हातात धरतो आणि त्याच शब्दावर खाली ठेवतो. त्यामुळे वेगवेगळ्या बाजूने घेतलेले शॉट जुळतात. मावशी पहिल्या टेकला तांब्या डाव्या हातात, दुसऱ्याला उजव्या, तिसऱ्याला तांब्याच नाही, म्हणते "मगाच प्याले की पाणी". कापणार कसं? म्हणून अशा सिनेमात लांबलचक शॉट दिसतात, माणसं पूर्ण दिसतात, क्लोजअप कमी. समीक्षक त्याला शैली म्हणतात, आम्ही नाइलाज म्हणतो.

नाटक्या, तुमच्याशी एका बाबतीत सहमत. सीनमध्ये एक कसलेला नट असला की तो नवख्यांना खेळवतो. समोरच्याने वेगळंच काही बोललं तर तो ते झेलतो, सीन परत रुळावर आणतो. किशोर कदम किंवा शशांक शेंडेंसारखी माणसं तिथं ते काम करतात आणि ते कुणाला दिसत नाही. दिसू नये हेच तर काम.

सिंकवाला
साउंडवाल्यांना कुणी विचारत नाही म्हणून स्वतःहूनच आलो.

नवखी माणसं आणि सिंक साउंड (म्हणजे शूटिंगच्या जागीच आवाज रेकॉर्ड करणं, नंतर स्टुडिओत डब न करणं) हे बहुतेकदा जोडीने येतं. डबिंग हे स्वतंत्र कसब आहे. पडद्यावर स्वतःचेच ओठ बघत, हेडफोन लावून, तेच वाक्य त्याच श्वासात परत म्हणायचं, चांगल्या चांगल्या नटांना घाम फुटतो. गावातल्या माणसाला एसी खोलीत माइकसमोर उभं केलं की आवाज बसतो, तोंड कोरडं पडतं, आणि मुख्य म्हणजे रानात बोलायचा आवाज खोलीत निघतच नाही. रानात माणूस वाऱ्याच्या वर बोलतो, समोरचा दोन सऱ्या पलीकडे असतो. तो ताण घशात असतो, तो नंतर आणता येत नाही. मग निर्माता दुसऱ्याच कुणाचा तरी आवाज देतो, आणि चेहरा गावचा अन् आवाज पुण्याचा असा प्रकार होतो. पूर्वीच्या कितीतरी सिनेमात हे झालंय.

'ख्वाडा'ला परीक्षकांचा विशेष पुरस्कार मिळाला तसा लोकेशन साउंडचाही राष्ट्रीय पुरस्कार मिळाला होता, महावीर सब्बनवाल यांना. योगायोग नाही तो. मेंढरांचा कळप हा साउंडवाल्यासाठी काय प्रकार असतो ते ज्याने केलंय त्यालाच माहीत. आसामी 'व्हिलेज रॉकस्टार्स'चंही तेच, मल्लिका दास हिला लोकेशन साउंडसाठी राष्ट्रीय पुरस्कार. तो सिनेमा तर रीमा दासने आपल्याच छायगावच्या भागात, स्वतःच कॅमेरा धरून, स्वतःच एडिट करून, काही वर्षं थोडा थोडा शूट केला. पोरं गावातलीच, नात्यातली. मोठं युनिट नाही, जनरेटर नाही, गर्दी नाही. पोरांना कॅमेऱ्याची भीती का वाटली नाही याचं उत्तर त्यातच आहे, ताई रोजच कॅमेरा घेऊन फिरत होती.

कासरा
शेतकरी माणूस आहे, सिनेमातलं जास्त कळत नाही पण बघताना काय खटकतं ते सांगतो.

१) धोतराच्या घडीच्या रेघा. माणूस म्हणे नांगरून आलाय आणि धोतराला दुकानातल्या घड्या. २) टाचा. गरीब शेतकरी बाई दाखवायची आणि क्लोजअप पायाचा, टाच लोण्यासारखी. आमच्याकडं टाचांना भेगा बघा, त्यात माती बसलेली असते ती धुवून निघत नाही. ३) बैल. सिनेमातला हिरो बैलाला समोरून जाऊन मिठी मारतो. समोरून कोण जातंय हो शिंगाच्या. बाजूनं, आवाज देत, पाठीवर हात ठेवत जायचं असतं, नायतर बैल बिचकतो. त्या टिंग्याच्या पोरानं बरोबर केलंय म्हणून आम्हाला ते पटलं, कुणी सांगायची गरज नाही पडली. ४) कासरा धरणं, आता नावच ते घेतलंय म्हणून सांगतो, सैल धरायचा असतो, नट लोक असा गच्च धरत्यात जसं काय बैल उडून जाणाराय.

पण एक सांगू का, आमच्या गावात 'सैराट' लागला तेव्हा लोकांनी धिंगाणा घातला ते काय अस्सल आहे म्हणून नाही. पोरगी बुलेट चालवती, ट्रॅक्टर चालवती, भर वर्गात मास्तराला न घाबरता बोलती, हे कुठं बघितलंय आम्ही? ते तर आमच्याकडं होतच नाही फारसं. तरी खरं वाटलं, कारण ती पोरगी बोलती ती आमच्यातल्या पोरीसारखी बोलती. म्हणजे गोष्ट खोटी आन् माणूस खरा. उलटं केलं की जमत नाही.

माळरान
कासरा, शेवटचं वाक्य चोरतोय मी. +१००

नाटक्या
>>टाच लोण्यासारखी
हा हा. मेकअपवाल्याला सांगतो. पण हा दोष नटाचा कमी आणि दुर्लक्षाचा जास्त. कुणाला वेळ असतो हो? निर्माता सकाळी गाडीतून उतरवतो, दुपारी सीन, रात्री परत. मला कुणी महिनाभर गावात नेऊन सोडलं तर मी पण करेन. पैसे कोण देणार त्या महिन्याचे?

वर्धेकर
आमच्याकडच्या बोलीचं जरा बोला ना कुणी. वऱ्हाडी म्हटलं की सिनेमात-सिरियलीत विनोदी पात्रच येते, घरगडी नायतर येडपट मामा. कापूस वेचणारी बाई गंभीरपणे, तिच्या लयीत, आमच्या भाषेत बोलते असा सीन किती वेळा पाहिला? आणि सिरियलवाल्यांनी तर एक वेगळीच 'गावठी' तयार केलीय, थोडी कोल्हापूर, थोडी सोलापूर, वरून 'रं' आणि 'गं' शिंपडलं की झालं खेडं. तशी भाषा कोणत्याच गावात बोलत नाहीत. हा घोळ नवखी माणसं घेतली की आपोआप टळतो एवढं मात्र नक्की. त्यांना दुसरी भाषा येतच नाही तर ते भेसळ करतील कुठून.

'कोर्ट'मधले वीरा साथीदार आमच्याच भागातले, नागपूरचे. आयुष्यभर चळवळीत गेलेला माणूस, चळवळीतल्याच शाहिराच्या भूमिकेत. ते स्टेजवर उभे राहतात ना, तो उभं राहण्याचा आत्मविश्वास सभांमधून आलाय. सिनेमा शहरातला आहे, अवांतर वाटेल, पण मुद्दा तोच. २०२१ मध्ये कोरोनानं गेले.

बोरूबहाद्दर
वर्धेकर, अवांतर अजिबात नाही. उलट यावरून माझ्या डोक्यात आलेलं टाकतो. ज्याला आपण 'नवखा' म्हणतो तो खरंच कितपत नवखा असतो? सोमनाथ हलगी वाजवायचा. हलगी वाजवणारा पोरगा म्हणजे शेकडो लोकांपुढे, जत्रेत, वरातीत उभं राहून लोकांना नाचवणारा पोरगा. 'सैराट'चा नायक आकाश ठोसर पैलवान होता. आखाड्यात लंगोटावर हजारो डोळ्यांपुढे उतरणाऱ्याला कॅमेऱ्याची काय लाज? आपल्या गावांमध्ये भारूड आहे, गोंधळ आहे, तमाशाचे फड आहेत, कोकणात दशावतार आहे, भजनी मंडळं तर गल्लोगल्ली. निळू फुले, दादा कोंडके सेवादलाच्या कलापथकातून आले. म्हणजे अभिनयाची पदवी नाही म्हणजे तालीम नाही असं नव्हे. चांगला दिग्दर्शक माणूस शोधताना सुंदर चेहरा शोधत नाही, ज्याला लोकांपुढे उभं राहायची सवय आहे असा माणूस शोधतो, असं मला वाटतं.

माळरान
हे भारी निरीक्षण आहे, आणि यातून नाटक्याच्या आक्षेपालाही उत्तर मिळतं. तालीम दोन्हीकडे आहे, फक्त एकीची पावती मिळते, दुसरीची मिळत नाही.

माझं मत आता जरा असं होत चाललंय की प्रश्न नवखा का कसलेला हा नाहीच. प्रश्न हा की शरीराला ते काम माहीत आहे का, आणि दिग्दर्शक ते काम करू देतोय का. सूरज पवारचं उदाहरण घ्या. नागराज मंजुळेंच्या 'पिस्तुल्या'त तो, 'फँड्री'त जब्याचा (सोमनाथच्या पात्राचा) मित्र तो, आणि 'सैराट'मध्ये आर्चीचा भाऊ प्रिन्स तोच. तिसऱ्या वेळी तो काय नवखा राहिला? तरी तो खटकला का कुणाला? उलट प्रिन्सची ती थंड नजर कमावलेली आहे, ती त्या पोराची स्वतःची नाही. स्वतः असण्यापासून नट होण्यापर्यंतचा प्रवास आपल्यासमोर झाला आणि आपण लक्षच दिलं नाही.

मीरा
सगळे तंत्र आणि टाचांवर बोलताय, पण सिनेमा संपल्यावर या माणसांचं काय होतं यावर एक ओळ नाही. मला तोच भाग सगळ्यात महत्त्वाचा वाटतो.

बोरूबहाद्दर, तुम्ही माज्जोरानीचं नाव घेतलंत, पुढचं पण सांगा ना. जगभर गाजलेल्या सिनेमाचा नायक, आणि नंतर कारखान्यातली नोकरी गेली, आणि सिनेमातही धड काम मिळालं नाही. सिनेमा कशाबद्दल होता तर नोकरी टिकवण्यासाठी सायकल शोधणाऱ्या माणसाबद्दल!

आपल्याकडे रिंकू राजगुरू. अकलूजची शाळेतली मुलगी, सिनेमा लागायच्या आधीच राष्ट्रीय पुरस्कारात तिची विशेष दखल, मग 'सैराट' १०० कोटींच्या घरात. आणि मुलीला गर्दीमुळे शाळेत नेहमीसारखं जाणंच अवघड झालं, दहावी बाहेरून द्यावी लागली. ती पुढे टिकली, कामं करतेय, छान. पण एका शाळकरी मुलीवर एका रात्रीत एवढं येतं तेव्हा तिच्या आजूबाजूला तयारी कुणाची असते? निर्मात्याची? गावाची? आईबापांची?

आणि ज्यांचं नाव पोस्टरवर येत नाही ते तर सोडूनच द्या.

इराणी दिग्दर्शक किआरोस्तामीची एक गोष्ट मला कायम आठवते. १९८७ साली त्याने इराणमधल्या कोकेर गावातली मुलं घेऊन सिनेमा केला, मित्राची वही परत करायला निघालेल्या पोराचा. १९९० मध्ये तिथं मोठा भूकंप झाला, हजारो माणसं गेली. तर हा माणूस त्या भागात त्या मुलांना शोधायला गेला, आणि त्या शोधावरच पुढचा सिनेमा केला. आता याला कुणी आस्था म्हणेल, कुणी म्हणेल भूकंपाचा पण सिनेमा केला. पण निदान तो परत गेला. आपल्याकडचे किती जण शूटिंगनंतर गावात परत जातात?

रोखठोक
मीराताईंना अनुमोदन, आणि मी एक पाऊल पुढे जातो. हे अस्सल-अस्सल जे चाललंय ते शहरातल्या प्रेक्षकासाठीच चाललंय. गावातल्या माणसाला स्वतःच्या टाचेच्या भेगा बघायला तिकीट काढायची हौस नसते. महोत्सवात ज्युरीला भेगा आवडतात. मग गरिबी, दुष्काळ, जात याचं पॅकेज तयार होतं आणि त्यात गावातला पोरगा पुरावा म्हणून उभा केला जातो, बघा हा खराच आहे.

कासरा
रोखठोक भाऊ, अर्धं बरोबर. पण 'फँड्री'तला तो सीन आठवा, डुक्कर हाताशी आलंय आणि शाळेत राष्ट्रगीत सुरू होतं, आख्खं कुटुंब जागच्या जागी ताठ, आन् डुक्कर समोरनं चाललंय. आमच्याकडं थेटरात त्या वेळी आधी हसू आलं आणि मग एकदम शांत झालं सगळं. ते काय महोत्सवासाठी होतं का? ज्यांनी आयुष्यभर त्या पोरांना दगडं मारली ते पण थेटरात बसले होते की, आणि शेवटी पोरानं दगड भिरकावला तो कुणाकडं आला? तिकीट काढून टाचेच्या भेगा बघत नाही हे खरं. पण आपली गोष्ट आपल्यातला माणूस सांगतोय म्हटल्यावर बघतो. सांगणारा कोण ते बघा आधी. नागराज जेऊरचा, 'ख्वाडा'वाले भाऊराव कऱ्हाडे नगरकडचे, त्यांनी तर सिनेमासाठी जमीन विकली. 'टिंग्या'चे मंगेश हाडवळे जुन्नरकडचे. ही माणसं गावातली नसती तर गावातली माणसं घेऊन पण उपयोग नव्हता.

रोखठोक
दिग्दर्शक आतला असला की फरक पडतो, मान्य. पण जातीचा मुद्दा तुम्ही हलकेच ओलांडलात. 'फँड्री'तल्या कुटुंबाचं काम करणाऱ्या मुलाला सिनेमानंतर गावात काय नावाने हाक मारतात याचा विचार करा. पडद्यावर जे सोसल्याचं आपण कौतुक केलं ते रस्त्यावर चिकटू शकतं. मुंबईच्या नटाला ते चिकटत नाही, तो पुढच्या सिनेमात इन्स्पेक्टर होतो.

माळरान
याला माझ्याकडे उत्तर नाही. मुद्दा बरोबर आहे, आणि माझ्या मूळ लेखात तो यायला हवा होता असं नाही म्हणणार, तुम्ही मांडलात तेच चांगलं झालं, जास्त धारदार झाला.

पडद्यामागचा
पैशाबद्दल कुणीच बोलत नाहीये म्हणून मीच बोलतो. गावातल्या माणसाला साधारण शेतमजुरीच्या हिशोबात पैसे देऊन गप्प करायची पद्धत आहे, जेवण आमच्याकडे, म्हणजे उपकार केल्यासारखं. एका ठिकाणी म्हातारीचं पूर्ण महत्त्वाचं पात्र होतं, आणि करार नावाचा कागदच नाही, का तर "आजींना काय कळतंय कराराचं". आजींना सातबाऱ्यावरची एक ओळ चुकली तर तलाठ्याच्या दारात बसता येतं, पण करार कळत नाही म्हणे. मी बोललो तर मला सांगितलं तू क्लॅप बघ.

आणि नुसता मजुरीचा रोज धरून चालत नाही. सुगीच्या दिवसात माणूस शूटिंगला आला तर त्याचं पीक उभं राहतं, त्या नुकसानीचा हिशोब कुणी करत नाही. जनावरांची धार काढायची वेळ, पाण्याची पाळी, लेकरांची शाळा, हे सगळं कॉलशीटमध्ये (शूटिंगच्या रोजच्या वेळापत्रकात) आधी लिहिलं पाहिजे. जिथं लिहिलं तिथं कामही चांगलं झालं, हे मी डोळ्यांनी बघितलंय. धारेची वेळ टळलेली बाई सीनमध्ये नसतेच, तिचं लक्ष गोठ्यात.

बोरूबहाद्दर
यावरून तमिळ 'कडैसी विवसायी' आठवला. २०२२ मध्ये लागला. मणिकंदनने मुख्य भूमिकेत नल्लांडी नावाचे वृद्ध शेतकरी घेतले, विजय सेतुपती सिनेमात आहे पण छोट्या कामात, नायक म्हातारेबुवाच. त्यांचा कोर्टातला भाग बघा, न्यायाधीश विचारतेय आणि यांना पिकाला पाणी द्यायची काळजी. तो तगमगणारा चेहरा अभिनय आहे का काय आहे ते ठरवत बसू नका, बघा फक्त. सिनेमा लागायच्या आधीच ते गेले. नंतर राष्ट्रीय पुरस्कारात विशेष उल्लेख झाला.

सिंकवाला
+१, त्यातला साउंडही ऐका. मोर, पाणी, आणि म्हाताऱ्यांना ऐकू कमी येतं म्हणून समोरचे सगळे वरच्या पट्टीत बोलतात. अख्ख्या सिनेमाची पट्टी त्यावर लागलीय.

मीरा
पडद्यामागचा, करारावर आणखी लिहा. वेगळा धागा काढा हवं तर. लहान मुलांच्या बाबतीत काय नियम पाळतात तेही लिहा, शूटिंगचे तास, शाळा वगैरे.

पडद्यामागचा
काढतो. या सिनेमाचं काम संपू द्या, तोपर्यंत पोटावर पाय नको.

वर्धेकर
आणि त्यात विदर्भातला एखादा अनुभव टाका हो, सगळं सोलापूर-नगरचंच चाललंय इथं. 'झुंड' सोडला तर आमच्याकडे कॅमेरा येतो तो वाघाचे फोटो काढायला.

नाटक्या
मी हरलोय असं समजू नका, पण एक प्रस्ताव आहे. कासरा, तुमच्याकडे महिनाभर राहतो. खुरपणी, बैल, सगळं शिकवा. पुढचा ऑडिशनचा व्हिडिओ तुमच्या रानातूनच पाठवतो, हात न थांबवता डायलॉग म्हणून दाखवतो.

कासरा
या की. राहायची-खायची सोय आपल्याकडं. फक्त या आठवड्यात शेतीची लाइट रात्रीची आहे, मोटर रात्री बाराला चालू करायची आन् पहाटेपर्यंत दारं धरायची. बॅटरी, गमबूट घेऊन या. डायलॉग तिथंच पाठ करा, ऐकायला दुसरं कोण नसतंय.